कोपऱ्यातलं टेबल

"शोधा बाई, या कार्टीबरोबर आणखी कोण कोण आहे ते," विज्ञानाच्या सरांनी प्रयोगशाळेतल्या कोपऱ्यातल्या टेबलावर थाप मारली. "एकेकीच्या हातात दाखला देतो!"

नववीतली ती मुलगी भिंतीला चिकटून उभी होती. तिचं कर्कटक मुख्याध्यापकांच्या हातात होतं. टेबलभर खुणा कोरलेल्या होत्या. त्रिकोण, फुल्या, टिंबं, ओळीमागून ओळी.

गणिताच्या बाईंना आधी गंमतच वाटली. खुणा पोरींच्या असल्या तरी खेळ बाईंचा स्वतःचाच होता. दर वर्षी शेवटच्या तासाला त्या तो शिकवत. प्रत्येक अक्षराला आणि काना-मात्रेला एक खूण द्यायची, आणि फोडायची झाली तर मोजत सुटायचं. मराठीत कान्याइतकं जागोजागी दुसरं काय येतं? जी खूण सगळ्यांत जास्त, तिथे काना ठेवून बघायचा. बाकीची अक्षरं मग शेपूट धरून येतात.

बाई खडूने मोजू लागल्या. त्रिकोणाने बाजी मारली. सर त्यांच्या खांद्यावरून वाकून बघत होते. "वा! डोकं आहे बुवा तुम्हाला!" त्यांच्या तोंडाला पेपरमिंटचा वास येत होता.

काना बसला. त्यानंतर दोन खुणा जवळजवळ प्रत्येक ओळीत जोडीने येत होत्या. स आणि र.

'वह्या ठेवायला एकटी जाऊ नको. सर दार लावतात.' 'सरांनी थांब म्हटलं तरी पळ.' 'आईला सरांचं सांगितलं. ती म्हणाली, गप्प बस.' काही ओळी ताज्या होत्या, काहींत वर्षानुवर्षांचा मळ बसला होता. कोरणारे हात सगळे वेगळे.

बाईंना खांद्याजवळच्या त्या वासाची शिसारी आली. त्या उठून बाजूला झाल्या.

"निघाली का नावं?" सरांनी विचारलं.

"एकच निघालं. तुमचं."

त्यांनी सगळ्या ओळी मोठ्याने वाचल्या. सर हसले. "पोरींची थेरं!"

मुख्याध्यापकांनी दाराकडे बघितलं. "हळू, बाई. शाळेची अब्रू आहे. टेबलाला रंधा मारून घेऊ."

यांचीही किळस यावी, हे बाईंना नवीन होतं. त्यांनी मुख्याध्यापकांच्या हातातलं कर्कटक ओढून घेतलं. "टेबलाला हात लावायचा नाही. मी पोलिसांना बोलावतेय."

मग त्या मुलीकडे वळल्या. ती सगळ्यांत मळक्या ओळीवर बोट ठेवून उभी होती.

"ही माझ्या ताईची," ती म्हणाली. "ती म्हणायची, बाई एकदा इथे आल्या ना, की लगेच वाचतील."