आण्णांचं भजन

दात येणाऱ्या बाळाला तासभर थोपटून त्रिशलानं नुकतंच निजवलं होतं. तेवढ्यात घरापुढच्या मांडवातून तिचे सासरे, आण्णा, भोंग्यावर गरजले, "भजन म्हंजे नुसतं गाणं न्हवं! संस्कृतात 'भज्' म्हंजे सेवा करणं, वाटून घेणं!"

"लय भारी, आण्णा!" म्हणत मंडळींनी टाळ वाजवले. बाळ दचकून उठलं आणि भोंग्याच्याही वर आवाज चढवून रडू लागलं.

त्रिशला त्याला घेऊन तशीच बाहेर आली. तिनं बाळ आण्णांच्या मांडीवर ठेवलं.

जरा वेळानं भोंग्यावरून अख्ख्या गल्लीला ऐकू आलं, "आगं त्रिशला, धोतर भिजिवलं की गं ह्यानं! घे की लवकर!"

पुढच्याच रांगेत बसलेल्या त्रिशलानं हात जोडले. "चालू द्या, आण्णा. आत्ता कुठं भजन सुरू झालंय."