चाचणीतला आवाज

मूकपटांत तिनं पंधरा वर्षं राज्य केलं. कॅमेरा फिरत असताना दिग्दर्शक शेजारून ओरडत राहायचा, "आता रड! आता पड!" आणि ती निमूट रडायची, पडायची. आता बोलपट आले. आवाजाच्या चाचणीत नापास झाली, की नायिकेची भूमिका गेलीच म्हणून समजा!

"बाई, तुमचा आवाज म्हणजे गंजलेली कडी," दिग्दर्शक हसला.

"मग दार उघडेल तेव्हा दचकू नका."

तिनं संवाद म्हटला. मग ध्वनियंत्रज्ञानं मुद्रित झालेली तबकडी लावली. तिचा आवाज खणखणीत निघाला की! पण दोन वाक्यांच्या मध्ये एक पुरुष शांतपणे म्हणाला, "आता रड."

"मध्ये कोण बोललं?" ती कडाडली.

दिग्दर्शक पांढराफटक पडला होता. तो आवाज खोलीतल्या कोणाचाच नव्हता.

"पुन्हा घ्या," ती बाह्या सरसावून म्हणाली. या खेपेला रडायच्या जागी ती मुद्दाम खदखदून हसली.

तबकडी फिरली. तिचं हसू खोलीभर घुमलं. पाठोपाठ तोच आवाज आला, आता अगदी तिच्या कानाशी. "हसतेस? मागे बघ."

समोर बसलेला ध्वनियंत्रज्ञ तिच्या खांद्यावरून मागे बघत हळूहळू उठला. दिग्दर्शक तर भिंतीलाच चिकटला.

तिच्या मानेवर कोणीतरी गार श्वास सोडला.

तिनं मान ताठ केली.

"पंधरा वर्षं सांगाल तिकडे बघितलं. आता नाही बघणार," ती म्हणाली. "तबकडी थांबवू नका हो, माझं वाक्य अजून बाकी आहे."