देवाने अर्ध्यावर टाकलेला राखणदार

देव निघून गेला तेव्हा राखणदार अर्धाच झाला होता.

आडव्या-उभ्या काठ्या बांधून झाल्या होत्या, त्यांना कडबा गुंडाळला होता, अंगावर घोंगडीही चढली होती. फक्त डोकं राहिलं होतं. तेवढ्यात सिद्रामप्पाच्या ढोलाचं कातडं पहाटेच्या दवाने सैल पडलं, आवाज बसला आणि येडूच्या अंगातला बिरोबा गपकन उतरला. येडू बांधावर टेकला, डोळे चोळले आणि म्हणाला, "झालं का?"

"कुटं झालं?" तानाबाई म्हणाली. "मुंडकं कोन बसवनार?"

त्या गावची रीतच तशी होती. ज्वारी दाण्यात आली की पिकाचा राखणदार देवाने स्वतःच्या हाताने उभा करायचा. ढोल वाजायचा, पुजारी येडूच्या अंगात देव यायचा, आणि देवाने जे बांधलं, जे पांघरवलं, त्याला माणसाने हात लावायचा नाही. होतं ते बुजगावणंच, पण तसं म्हटलेलं येडूला खपत नसे.

तानाबाईला यंदा आपल्या रानात राखणदाराची फार नड होती. तिचा लेक सोलापूरला गिरणीत लागला होता. सकाळचा भोंगा रानापर्यंत ऐकू यायचा, लेक काही यायचा नाही. एकटीने गोफण फिरवून तिचा खांदा कामातून गेला होता. हात जरा खाली आला की चिमण्यांचा थवा कणसांवर उतरे. असंच चाललं तर खळ्यावर न्यायला नुसती धाटं उरणार होती. त्यामुळे तिला देवाचा मनापासून राग आला. करायला घ्यायचं आणि अर्ध्यावर टाकून जायचं, ही कुठली तऱ्हा? आम्हाला माणूस कर म्हणून त्या काठ्या काय देवाच्या पाया पडायला गेल्या होत्या?

येडूला मात्र थंडी झोंबू लागली होती. त्याने अंगाभोवती चाचपलं, इकडेतिकडे पाहिलं, मग राखणदाराकडे पाहिलं आणि तो ताडकन उठला.

"आगं, ही माझी घोंगडी की! दिवाळीला घेतलेली!"

"तुजी हुती. आता त्येची."

"मी कवा घातली त्येला?"

"तू न्हाय, देवानं घातली. मी त्येला घालाया जुनेर काढून ठिवलं हुतं, त्या जुनेरावरच तू घोंगडी टाकलीस. देवाच्या हाताला वरचं लागलं, त्येनं वरचं घेतलं."

येडू पुरता अडकला. घोंगडी सरळ ओढून घ्यावी, तर रीत त्यानेच गावाला पढवलेली. मागल्या साली गावातल्याच भीमाशंकरने राखणदाराचा पटका काढून नेला, तेव्हा येडूने दंड म्हणून त्याच्याकडून कोंबडं घेतलं होतं. खाल्लंही होतं.

"देवालाच इचारू," तो कुडकुडत म्हणाला. "आप्पा, ढोल शेका."

सिद्रामप्पाने काटक्या पेटवून ढोलाचं कातडं शेकायला धरलं. येडू राखणदाराकडे पाठ करून त्याच जाळावर हात शेकत बसला. तानाबाईला काही बसवेना. तिने खोपीतून एक काळं गाडगं आणलं, सिद्रामप्पाच्या चंचीतला चुना बोटावर घेतला आणि गाडग्यावर डोळे आणि दात काढले. खांदा दुखरा असल्यामुळे हात हलला आणि एक डोळा कपाळावर गेला. ते गाडगं तिने उभ्या काठीच्या टोकावर अलगद ठेवलं. देवाने केलेल्याला हात लावायचा नव्हता, पण देवाने न केलेल्याबद्दल कुणी काही सांगितलं नव्हतं.

ढोल तापला आणि घुमायला लागला.

"बिरोबाच्या नावानं चांगभलं!" सिद्रामप्पाने आरोळी दिली. येडू उठला, घुमू लागला, केस सुटले, आवाज खोल गेला.

"कोन बोलावतंय मला?"

"देवा," सिद्रामप्पा म्हणाला, "येडूची घोंगडी चुकून राखणदाराला गेली. माघारी द्यायची का?"

"कंच्या राखणदाराला?" म्हणत देव गर्रकन वळला.

राखणदार त्याच्या पुढ्यातच उभा होता. काळं तोंड, पांढरे दात, कपाळावर डोळा. वाऱ्याने घोंगडी फडफडत होती. देवाने त्याला वरपासून खालपर्यंत पाहिलं.

"आयो! ह्यो कोन?"

"तूच केलास की रं बा!" तानाबाई म्हणाली.

"म्या न्हाय! म्या न्हाय!" असं ओरडत देवाने बांधावरून उडी टाकली आणि तो ज्वारीतून जो पळत सुटला, तो ओढ्यापलीकडे दिसेनासा झाला. कणसांवरच्या चिमण्या एकदम भुर्रकन उठल्या आणि त्याच्या मागोमाग गेल्या. सिद्रामप्पा भान नसल्यागत ढोल वाजवतच होता. मग तो थांबला.

"तानाबाई," त्याने हळूच विचारलं, "पळाला त्यो देव का येडू?"

"देवच. येडू आसता तर घोंगडी घिऊन पळाला आसता."

सिद्रामप्पाला ते पटलं. पण राखणदाराच्या अंगावरून जायचा त्यालाही धीर होईना. ढोल पाठीला मारून तो लांबच्या बांधाने घराकडे निघून गेला.

रानात एक पाखरू उरलं नव्हतं. देवाला पळवणाऱ्या राखणदारापुढे चिमण्या पुन्हा कशाला येतात? तानाबाईला कितीतरी दिवसांनी बरं वाटलं. खांदा चोळत ती निवांत बसली आणि तिने राखणदाराकडे नीट पाहिलं. घोंगडी एका बाजूने घसरली होती. देव जिकडे पळाला, तिकडेच तोंड करून राखणदार उभा होता, टाकून गेलेल्याची वाट बघितल्यागत.

ती उठली, त्याच्याजवळ गेली, आणि सगळी रीत बाजूला ठेवून तिने घोंगडी त्याच्या खांद्यावर सारखी केली.

"भिऊ नगंस, लेकरा," ती म्हणाली. "त्यो समद्यास्नी आसंच करतो."