मनोऱ्यातले टोल

खाणीच्या गावातली शिक्षिका मोनिका तिथल्या जुन्या चर्चचा इतिहास लिहीत होती. एका इंग्रज साहेबाने ते चर्च आपल्या इंग्लंडमधल्या खेड्यातल्या चर्चसारखंच हुबेहूब बांधलं होतं.

त्या दुपारी ती चर्चमध्ये उभी राहून त्याच खेड्यातल्या म्हाताऱ्या पाद्र्याशी फोनवर बोलत होती.

"इथली घंटा साहेब जाताना तुमच्याकडे घेऊन गेला ना?" तिने इंग्रजीत विचारलं.

"इथे ती कधी पोचलीच नाही," पाद्री म्हणाला आणि हसला. "ही काय, तुमच्याकडे वाजतेय की!"

मोनिकालाही ऐकू आलं. तिने वर पाहिलं. मनोऱ्यात घंटा टांगायचा नुसता गंजलेला आकडा लोंबत होता. तिने घाईने फोन बंद केला.

चर्च झाडणाऱ्या शकुंतलाबाईंनी डोईवर पदर घेतला आणि त्या बोटांवर मोजू लागल्या.

"काय मोजून राहिल्या, मावशी?"

"साहेबाच्या काळी खाणीतून जेवढे माणसं वर येत, तेवढे टोल पडत, मॅडम. आज खाली किती गेले?"

"खाण बंद आहे. दुरुस्तीले सातच गेले." त्या सातांत मोनिकाचा नवरा कैलाश होता.

सातवा टोल पडला, तसा मोनिकाने श्वास सोडला. "आले सगळे," ती म्हणाली.

शकुंतलाबाई अजून बोटांवर मोजतच होत्या. वर आठवा टोल पडला.