तीच ओळ

सुरगाण्याला खेटे घालून घालून ढुंढिराजांनी पावरी वाजवणाऱ्या एका म्हाताऱ्याचं चरित्र संगीतकोशासाठी लिहिलं होतं. परीक्षकाने ते एका ओळीत निकालात काढलं: ‘लेखकाने वाद्य प्रत्यक्ष ऐकलेले दिसत नाही.’ परीक्षकाचं नाव गुप्त ठेवायची पद्धत होती, पण नाशकात असलं काही गुप्त राहत नाही. तो आल्हाद वैशंपायन होता.

अकरा वर्षं ढुंढिराजांनी ती ओळ उरात जपली. मग २००२ साली मादागास्करच्या एका पारंपरिक वादकाचं चरित्र त्यांच्याकडे परीक्षणाला आलं. लेखक, आल्हाद वैशंपायन. डोळ्यांत तेल घालून वाचलं, तरी एक चूक सापडेना मेली. शेवटी त्यांनी तीच ओळ, काना-मात्रेचाही फरक न करता, खाली उतरवली आणि त्या दिवशी दोन घास जास्त जेवले.

महिन्याभराने आल्हादचा फोन आला.

“ढुंढिराज, ओळ माझीच, त्यामुळे परीक्षक कोण ते लगेच कळलं. संपादक मंडळाने ती फारच मनावर घेतली हो. वाद्य प्रत्यक्ष ऐकायला मला कोशाच्या खर्चाने मादागास्करला पाठवताहेत.”

ढुंढिराजांनी रिसीव्हर या कानावरून त्या कानावर घेतला.

“तिकडून तुमच्यासाठी काय आणू?”