मानेसरचं शूटिंग

हरिदासने तव्यावरची शेवटची भाकरी उतरवली आणि बायकोचा, भीमाबाईचा डबा भरला. खाली कंपनीच्या बसने हॉर्न दिला, तशी ती पायात चप्पल अडकवून पळाली. कादंबरीने कॅमेरा बंद केला. दोन वर्षं चाललेलं, दिल्लीजवळच्या मानेसरमधल्या त्या खोलीतलं शूटिंग आज संपलं.

माहितीपटांच्या दुनियेत कादंबरीचं नाव दिल्लीभर झालं होतं. प्रश्न विचारायचे नाहीत, मध्ये पडायचं नाही, नुसतं बघत राहायचं, हा तिचा खाक्या. विचारलं की माणसं खोटं बोलतात, असं ती छातीठोकपणे सांगायची.

आणि हरिदास तर लाखात एक सापडला होता. हा हिंगोलीकडचा गडी रात्रभर गेटवर पहारा करायचा, सकाळी येऊन स्वयंपाक करायचा आणि बायकोला कारखान्यात पाठवायचा. थोरले भाऊ गुलाबराव मात्र गावाहून सारखे फोन करत, तिची नोकरी सोडव, तिला इकडे आईजवळ पाठव. भीमाबाईचा सगळा जीव त्या नोकरीत होता.

कादंबरी सामान घेऊन जिन्यात आली. मागे हरिदासचा फोन वाजला.

"अहो दादा, नाटक आहे ते सगळं," तो हसत सांगत होता. "पिक्चरवाल्या बाईंसाठी करतोय. मी आणि भाकऱ्या? शूटिंग संपलं की देतो तिला पाठवून. नक्की."

कादंबरी जिन्यातच थांबली. दोन वर्षं या माणसाने चक्क गंडवलं होतं. फिल्म तर गेलीच, पण भीमाबाईचं काय? कादंबरीला इतका संताप आला, की आपला नियमबियम गुंडाळून ती तडक आत शिरली.

"खरं सांगा हरिदास. हे सगळं नाटक होतं?"

त्याने कॅमेऱ्याच्या बॅगेकडे पाहिलं. "बंद आहे ना?"

"बंद आहे."

"मग सांगतो, ताई." त्याने दार लोटून घेतलं. "नाटक आहे म्हटलं, म्हणून दादा नुसत्या फोनवर थांबलेत. नाहीतर कधीच येऊन तिला घेऊन गेले असते. माझं काय, मी जन्मभर भाकऱ्या थापीन. फक्त तुमचा नंबर दिलाय त्यांना. फोन आला तर तेवढं सांगा, हा पिक्चर काही संपायचा नाही."