टोलेडोतलं 'येते हं'

"येते हं," टोलेडोतल्या एका निळ्या दाराच्या अंगणात प्यायला पाणी देणाऱ्या म्हातारीला शशीताई आपटे सवयीने म्हणाल्या. फक्त त्यांच्यासाठी ठरवलेल्या वाटाड्याने, रामिरोने, अर्थ विचारला आणि स्पॅनिशमध्ये पोचवला: बाई परत येणार म्हणतात. म्हातारी लगबगीने दुसरी खुर्ची मांडू लागली.

मग काय, जी गल्ली धरावी ती फिरून त्याच निळ्या दाराशी निघायची. चौथ्या खेपेला रामिरो पांढराफटक पडला. "बाई, येते म्हणणाऱ्याला ती सोडत नाही. 'जाते' म्हणा, नाहीतर संध्याकाळचं विमान विसरा."

"जाते कशी म्हणू? आमच्यात मेलेली माणसं जातात."

"मग बसा तिच्याशेजारी."

ताईंनी पर्स सावरली आणि दारातूनच म्हणाल्या, "आजी, आता तुम्हीच या आमच्याकडे, सांगलीला." रामिरोने तेही सांगितलं.

पुढची गल्ली सरळ नदीवर उतरली. ताई हसल्या. रामिरो मात्र मागे बघत होता. निळ्या दाराला कुलूप घालून, गाठोडं काखोटीला मारून म्हातारी त्यांच्या मागोमाग उतरत होती.

"तीनशे वर्षांत तिला कुणी बोलावलंच नव्हतं, बाई," तो कुजबुजला.